बाटलीवरचा मासा

चेरीताल मोहल्ल्यातले आमचे शेजारी समोसा घेण्याआधी दुकानदाराचा झारा तपासतात. "भैया, इसमें अंडेवाला कुछ तला तो नहीं?" उत्तर मिळालं तरी पुन्हा विचारतात. मला वैताग येतो.

व्हिएतनामच्या सहलीत, दानांगला, गाइड आम्हाला संध्याकाळी नदीकाठच्या गाड्यांवर खायला फिरवत होता. वहिनी, म्हणजे शेजाऱ्यांची बायको, पक्क्या शाकाहारी. दोन दिवस नुसत्या चिवड्यावर होत्या. शेजाऱ्यांनी पुन्हा पुन्हा विचारून घेतलेला भाज्यांचा रस्सा त्या मान खाली घालून भराभर पीत होत्या. तेवढ्यात गाडीवालीनं रश्श्यात घातलेल्या सॉसची बाटली टेबलावर आणून ठेवली. तिच्यावर माशाचं चित्र होतं. शेजाऱ्यांनी पाहिलं, मीही पाहिलं. आता तमाशा होणार, म्हणून मी खुर्ची मागे सरकवली.

"काहून गप्प झाले? विचारलं न तुम्ही?" वहिनी मान वर न करताच म्हणाल्या.

शेजाऱ्यांनी चित्र हळूच नदीकडे फिरवलं. "विचारलं न. भाजीच आहे." आणि वहिनींच्या वाडग्यातला एक चमचा रस्सा स्वतः प्यायले.

परवा ओमतीच्या बाजारात, समोशाच्या दुकानापाशी भेटले तेव्हा ते झारा तपासून राहिले होते. आवाज तोच, प्रश्न तोच. फक्त माझ्याकडे बघत नव्हते.