पश्चिमेची कमान आणि एस्तेरबाई

आदरणीय एस्तेरबाई साळवे यांची आणि माझी पहिली ओळख चपलांवरून झाली. लातूरहून औशाकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या आपल्या मिशन शाळेचं जुनं उपासनामंदिर मोजायला मी नांदेडहून आलो होतो. माझं तिथं झेरॉक्सचं दुकान आहे. वास्तुकलेची पदवी माझ्याकडे नाही. जुन्या इमारतींच्या नादापायी मोजमाप आणि नकाशे मी स्वतः शिकलो, आणि माझ्या नकाशात आजवर कुणाला चूक सापडलेली नाही.

टेप घेऊन आत शिरलो तर मागून आवाज आला, "चपला?"

"चर्चमध्ये चालतात, बाई."

"शहरात चालत असतील. ही जमीन आमच्या आज्यांनी शेणानं सारवलेली आहे. वर शहाबादी फरशी आली म्हणून काय झालं? काढा."

मी काढल्या. तेव्हा बाई शाळेतून निवृत्त झालेल्या होत्या, पण आवाज अजून नोकरीत होता.

या इमारतीबद्दल चुकीचं बरंच छापलं गेलं आहे, म्हणून नीट सांगतो. काळा दगड, चुन्याचे सांधे, छपराला सागवानी कैच्या, वर कौलं. चर्चमध्ये वेदी बहुधा पूर्वेला असते, ती इथं पश्चिमेला, कमानीच्या कोनाड्यात आहे. त्यावरून काहींनी ही आधी मशीद होती असं लिहिलं. मी भिंत इंच इंच तपासली. कोनाड्याचे दगड मूळ भिंतीत गुंतलेले आहेत, पूर्वेचं दारही मूळचंच आहे, आणि त्याच भिंतीच्या पायाच्या दगडावर मिशनचं नाव कोरलेलं आहे. मशिदी बांधण्यात हयात गेलेल्या गवंड्यांनी हाताच्या सवयीनं पश्चिमेला कमान काढली. मिशनच्या साहेबांनी ती पाडली नाही. तिच्यातच क्रूस ठेवला. हे मी बाईंना सांगितलं, तर त्या म्हणाल्या, "चूक सापडली, चांगलं झालं. आता दुरुस्त करा म्हणून लिहू नका."

बाईंची माया अशीच, थोडी दटावत येते. माझ्या आईच्या आजारपणात त्यांनी नांदेडच्या गाडीच्या कंडक्टरकडे जवसाची चटणी पाठवली. बरोबर निरोप होता, "बरणी परत आली नाही तर पुढची मिळणार नाही." आईला दुसरं काही गिळवत नव्हतं. बरण्या शेवटपर्यंत येत राहिल्या.

पण बाईंचं खरं काम मी एका रविवारी पाहिलं. दाराशी शाळेचे शिपाई महबूबमामा बसले होते. म्हणाले, "थांबा जरा. आत सभा भरून राहिली."

"किती माणसं आहेत?"

"एकच हाय. पण लई शिस्तीत बसती."

इथली कुटुंबं पुण्याला, संभाजीनगरला गेली. रविवारची उपासना चालू आहे तोवर इमारतीला हात लावायचा नाही, बंद पडली तर मोडके बाक ठेवायला घ्यायची, असं शाळेच्या संस्थेनं ठरवलेलं आहे. ती बंद पडू नये म्हणून बाई एकट्या येत होत्या.

स्तोत्राची एक ओळ पुढं उभ्या राहणाऱ्यानं वाचायची, दुसरी डावीकडच्या स्त्रियांनी, तिसरी उजवीकडच्या पुरुषांनी, अशी इथली जुनी रीत. बाईंनी पहिली ओळ वाचली. मग चालत स्त्रियांच्या बाकावर येऊन बसल्या आणि दुसरी म्हणाल्या. मग उजवीकडच्या रिकाम्या बाकांकडे पाहत, एक ओळ म्हणून होईल तेवढा वेळ, गप्प राहिल्या. नंतर उठून परत पुढं गेल्या.

"तिथूनच सगळं का म्हणत नाही?" मी नंतर विचारलं.

"आपणच विचारायचं, आपणच उत्तर द्यायचं, ही उपासना नव्हे, बडबड. पुरुषांची ओळ मी म्हणत नाही. ती त्यांची आहे."

"ते तर नाहीत."

"जागा आहे ना. तुम्ही बसा."

"मी बौद्ध आहे, बाई."

"ते विचारलं का मी? तिथून कमान चांगली दिसते."

माझं दुकान रविवारी बंद असतं. पहाटेच्या गाडीनं जमेल तसा येऊन मी बसू लागलो. कमान खरंच चांगली दिसते. बरेच रविवार मी गप्प होतो आणि बाई माझ्या ओळीपुरत्या थांबत होत्या. एकदा मी ती म्हटली. बाईंनी मान वर केली नाही, पुढची ओळ वाचली. बाहेर आल्यावर म्हणाल्या, "शेवटचा शब्द खाल्लात."

यंदा लातूरला बाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. त्या रविवारी महबूबमामांनी किल्ली माझ्या हातात दिली आणि बाहेरच बसले. मी पहिली ओळ वाचली. डावीकडच्या बाकांकडे पाहत थांबलो. मग उजवीकडे जाऊन माझी ओळ म्हटली. माझाच आवाज कमानीपर्यंत जाऊन परत आला, आणि बाईंनी इतके रविवार काय ऐकलं ते मला कळलं.

आता बाई काठी घेऊन येतात. पंचाहत्तरीनिमित्त त्यांना निरोगी, उदंड आयुष्य लाभो. हे मागण्यात माझाही स्वार्थ आहे, तो लपवत नाही. डावीकडची ओळ म्हणणारं दुसरं कुणी नाही. बाईंनी यावं, चपला काढल्यात की नाही ते पाहावं आणि वाचायला उभं राहावं. उजवीकडून उत्तर येईल. शेवटचा शब्द मी आता खात नाही.