खारकांची राखण

खारीक आणि खजूर ही दोन वेगळी झाडं, अशी तिशीपर्यंत माझी पक्की समजूत होती. ओमानला इलेक्ट्रिशियन म्हणून आलो, अर्बाबच्या म्हणजे मालकाच्या गावी वायरिंगला गेलो, तेव्हा डोळे उघडले. पिवळेधमक कच्चे खजूर तांब्याच्या अवाढव्य हंड्यात उकळत होते, खाली झावळ्या पेटलेल्या, भोवती बायकांची गाणी. उकडलेलं फळ चटयांवर पसरायचं, आठवडाभर उन्हात ठेवायचं, की झाली खारीक. भर जुलैच्या त्या भट्टीत मी एकटाच शीळ घालत हिंडत होतो, कारण गावी बायकोचे दिवस भरत आले होते. सासूबाईंनी डिंकाच्या लाडवांसाठी खारका मागितल्या होत्या. हे कळताच अर्बाबच्या म्हाताऱ्या आईने पहिल्या घाण्यातली एक चटई बायकोच्या नावाने गच्चीवर पसरून दिली.

पाचव्या दिवशी घरची मंडळी शेजारच्या गावी लग्नाला गेली, बाग माझ्यावर सोपवून. अंगणात पसरलेला नंतरच्या घाण्यांचा माल अजून ओलसर होता. दुपारी डोंगरावर काळा ढग चढला. आता रत्नागिरीच्या माणसाला वाळवण आणि ढग एकदम दाखवल्यावर तो दुसरं काय करणार? अंगणातलं सगळं ओढून मी पडवीत ढीग घातला, वर ताडपत्री करकचून बांधली. थेंबसुद्धा पडला नाही. पण ढगाचा काय भरवसा, म्हणून सकाळपर्यंत तसंच ठेवलं आणि स्वतःवर बेहद्द खूश होऊन झोपलो.

सकाळी मंडळी परतली. मी ऐटीत ताडपत्री सोडली आणि आंबूस वाफ थेट तोंडावर आली. ढीग घामाने चिंब. अर्बाब मटकन खाली बसला, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग आठवलं, घाईत गच्चीवरची चटई राहूनच गेली होती. धावत वर गेलो, तर तिथल्या खारका कडक, खणखणीत वाळलेल्या. टोपलीत भरून त्या म्हातारीपुढे ठेवल्या आणि म्हटलं, या तुम्ही ठेवा.

तिने एक दाढेखाली फोडली आणि हसायला लागली ती थांबेचना. अखेर अर्बाबने तिचं बोलणं मला हिंदीत सांगितलं.

"माँ बोलता है, हमारा बचाने गया, अपना भूल गया. अभी हमारा खजूर बकरी खाएगा, तुम्हारा खजूर बीवी खाएगा. खलास."

टोपली उराशी धरून मी हसत हसत रडलो.