कॉमेंट्रीवाल्याचा घसा

"मी गप बसलो तर लोकांना वाटंल मॅच संपली," निकेश एकदा म्हणाला होता.

विचुंब्याच्या मैदानावर, चारी बाजूंनी उंच होत चाललेल्या इमारतींच्या मधोमध, मांडवाखाली खुर्ची टाकून तो टेनिस बॉलच्या सामन्यांची कॉमेंट्री करतो. पनवेलपासून उरणपर्यंत गावोगावच्या स्पर्धांना तोच लागतो. फलंदाजाच्या फटक्यापेक्षा त्याच्या सासुरवाडीबद्दल आणि लग्नाच्या हळदीत त्यानं खाल्लेल्या मटणाबद्दल तो जास्त बोलतो. वरून नव्या विमानतळावरचं विमान गेलं की क्षणभर थांबतो, मग म्हणतो, "आमच्याच लोकांच्या शेतातनं उठलंय, जाऊ द्या, भाडं मागून बघू." हे सगळं मोबाइलवर दूरदूर ऐकलं जातं. पुष्कळांना त्याचा चेहरा ठाऊक नाही, पण आवाज कुठेही ओळखतात.

वय चव्वेचाळीस. वडिलांनी बांधलेल्या खोल्यांच्या भाड्यावर घर चालतं. घरात आई हौसा, बायको निशा आणि बारावीतली मुलगी प्राची.

दीडेक वर्षापूर्वी एकदा रात्री निशाजवळ असताना शरीरानं साथ दिली नाही. निकेशनं विनोद केला, निशा हसली. पुन्हा तसंच झालं, त्यानं पुन्हा विनोद केला. या वेळी ती हसली नाही. त्यानंतर त्यानं तशी वेळच येऊ दिली नाही. टीव्हीसमोर झोपू लागला. स्पर्धा नसली तरी कुठेतरी स्पर्धा असायची. घरात बोलणं मात्र वाढलं. जेवताना, चहा पिताना तो इतकं बोलायचा की दुसऱ्या कुणाला तोंड उघडायला जागा राहू नये.

निशा सासूच्या खोलीत अंथरूण घालू लागली. हौसानं काही विचारलं नाही. गावोगाव फिरणारा, चार माणसांत हसणारा नवरा घरी पाठ करून झोपतो, याचा जो अर्थ कुणीही लावला असता तोच निशानं लावला. भांडली नाही. प्राचीची परीक्षा झाली की उरणजवळ मोऱ्याला भावाकडे जाईन, परत यायचं की नाही ते तिथं ठरवीन, एवढं तिनं सांगितलं. भाजी चिरता चिरता सांगितलं. म्हणून तो जास्त घाबरला.

कळंबोलीत ट्रकवाल्यांच्या वस्तीपाशी 'गुप्त रोग' असा बोर्ड लावलेला एक माणूस बसतो. त्यानं नाडी पाहिली, तरुणपणच्या सवयींना दोष दिला आणि बिनलेबलच्या डबीतून कॅप्सूल दिल्या. पहिल्या कॅप्सूलनं निकेशचं डोकं ठणकलं, छाती धडधडली. ती धडधड मोजत तो एकटाच गच्चीवर बसून राहिला. निशाजवळ जायचं धाडस त्या डबीत नव्हतं.

शेवटी तो पनवेलच्या दुसऱ्या टोकाच्या एका दवाखान्यात गेला. काउंटरवरच्या बाईनं काय त्रास आहे विचारलं. मागे रांग होती. तोंडातून एक शब्द निघाला की कुणीतरी म्हणणार, अरे, हा तर कॉमेंट्रीवाला. त्यानं गळ्यावर हात ठेवला आणि नुसती मान हलवली. बाईनं त्याला कान-नाक-घशाच्या डॉक्टरांची चिठ्ठी दिली. आयुष्यभर बोलत आलेला माणूस न बोलल्यामुळे चुकीच्या दारात जाऊन बसला.

त्या दारामागे डॉक्टर आभा होत्या. घशाला काही झालेलं नव्हतं. पण जिभेवर आणि गालांच्या आतून पांढरा थर होता, तोंड कोरडं होतं. तहान फार लागते का, लघवीला वारंवार जावं लागतं का, असं त्यांनी विचारलं. बोटाला सुई टोचून साखर पाहिली. साडेतीनशेच्या वर होती. त्यानं कधी तपासलीच नव्हती. मग तळपायांना मुंग्या येतात का, जखमा लवकर भरतात का हे विचारत, त्याच सुरात, मान वर न करता, त्यांनी विचारलं, "नवराबायकोच्या संबंधात काही अडचण?"

निकेशनं विनोद केला. डॉक्टर हसल्या नाहीत, रागावल्याही नाहीत. पेन खाली ठेवून थांबल्या. असं थांबणारं माणूस त्याला फार दिवसांनी भेटलं होतं.

"दीड वरस झालं," तो म्हणाला. आवाज खरोखरच बसल्यासारखा निघाला.

त्यांनी त्याला वरच्या मजल्यावर लैंगिक तक्रारींवर उपचार करणाऱ्या डॉक्टर सुशांतकडे पाठवलं. सुशांतनं बरंच विचारलं. पहाटे जाग येताना ताठरता असते का? कधी असते, पण पूर्वीसारखी नाही. इच्छा होते का? होते. तंबाखू? खातो. छातीत दुखतं का, कुठल्या गोळ्या चालू आहेत का, झोप कशी आहे? निकेश उत्तरं देत गेला. आपण उत्तरं देऊ शकतो याचंच त्याला नवल वाटलं. रक्त तपासलं, सकाळच्या रक्तातलं पुरुषी हार्मोन तपासलं, हृदयाचा आलेख काढला. हार्मोन ठीक होतं, हृदयही.

पुढच्या भेटीत सुशांतनं समजावलं ते असं. साखर वर्षानुवर्षं वाढलेली राहिली की बारीक रक्तवाहिन्या आणि नसा खराब होतात. लिंगातल्या रक्तवाहिन्या हृदयाच्या वाहिन्यांपेक्षा बारीक, म्हणून बिघाड आधी तिथं दिसू शकतो. याला नामर्दपणा म्हणत नाहीत, आजार म्हणतात. पण त्यावर भीती बसली होती. एकदा जमलं नाही म्हणून पुढच्या वेळी स्वतःवरच नजर ठेवायची, आणि त्या नजरेखाली शरीर आणखी आखडायचं. कळंबोलीची डबी फेकून द्यायची, तिच्यात काय आहे कुणालाच माहीत नाही. साखर आटोक्यात आणायची, चालायचं, तंबाखू सोडायची. गोळी मिळेल, पण इच्छा आणि जवळीक नसेल तर ती काही करत नाही. छातीदुखीवर नायट्रेटच्या गोळ्या सुरू झाल्या तर ही गोळी जिवावर बेतू शकते, म्हणून विचारल्याशिवाय घ्यायची नाही. हिचा उपयोग झाला नाही तर आणखी उपाय आहेत. आणि बायकोला घेऊन यायचं.

तिला कशाला, तिला काही त्रास नाही, असं निकेश म्हणाला.

"तिला त्रास नाही हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

प्राचीचा शेवटचा पेपर झाला. निशाची बॅग भरून दाराशी आली, तेव्हा निकेशला एवढंच म्हणता आलं, की जायच्या आधी माझ्याबरोबर दवाखान्यात चल. निशानं त्याच्याकडे पाहिलं.

"कुनाकडनं आनलंत हा रोग?"

त्यानं चपला घातल्या. भावाला सांगायला काहीतरी पक्कं हवं, म्हणून ती गेली. बॅग बरोबरच घेतली.

सुशांतनं आजाराचं नाव सांगितलं नाही. निकेशकडे बोट करून म्हणाला, हे सांगतील. निकेशनं खाकरून सुरुवात केली, "आता बघा डॉक्टर, आमची टीम..." आणि थांबला. निशा जमिनीकडे पाहत होती.

"माजं होत नाय," तो म्हणाला. "साखरेमुळं. आनि भीतीमुळं. दुसरी कोन नाय. तुज्यात काय कमी नाय."

निशानं मान वर केली.

"मला वाटलं मी नकोशी झाले," ती म्हणाली. "दीड वरस आरशात बघताना हेच वाटायचं."

सुशांतनं पाणी पुढे केलं. मग सांगितलं की काही आठवडे संबंधाचा विचारच करायचा नाही. नुसतं जवळ बसायचं, हात हातात घ्यायचा, पाठीवरून फिरवायचा. काही घडलंच पाहिजे असं नाही, म्हणजे हरण्यासारखंही काही नाही. काही विचारायचं आहे का?

"एक सांगा यांना," निशा म्हणाली. "तेवढा वेळ बोलू नका म्हनावं. हे बोलून बोलून मला लांब ठेवतात. सगळ्या तालुक्याला ऐकवतात, मला कायबी सांगत नाय."

सुशांतनं निकेशकडे पाहिलं. "जमेल?"

निकेशचे ओठ हलले. काहीतरी अगदी तोंडाशी आलं होतं, ते त्यानं गिळलं आणि मान हलवली.

बाहेर बाकांवर माणसं दाटीनं बसली होती. त्यांत कळंबोलीचा ट्रान्सपोर्टवाला उदयसिंह होता, दरवर्षी स्पर्धेची ट्रॉफी देणारा. सुशांतच्याच दाराबाहेर आपल्या नंबरची वाट बघत. निकेशला पाहून तो आधी गोरामोरा झाला, मग सवयीनं मोठ्यानं म्हणाला, "काय निकेशभाई, तुम्ही इकडे? बोला काहीतरी."

सगळ्यांनी माना वळवल्या. निकेशनं उदयसिंहच्या खांद्यावर हात ठेवला, जरा दाबला. मग निशाच्या हातातली बॅग घेतली, दार तिच्यासाठी धरून ठेवलं, आणि एक शब्दही न बोलता तिच्यामागून बाहेर पडला.