आवाजाची केबल

आमच्या साडूंइतका वायरींवर जीव लावणारा माणूस अख्ख्या नाशकात दुसरा नसेल, आणि वायरींनी इतका छळलेला माणूस तर कुठेच नसेल. साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. आम्ही एकमेकांना ‘साडूभाऊ’ म्हणतो, त्यामुळे आमच्या घरी फोनवर नक्की कोण कुणाशी बोलतंय हे तिसऱ्याला कळत नाही. त्यांची सगळी नोकरी सातपूरला एका पंपाच्या कारखान्यात झाली. पंप जोडायचा, पाणी सोडायचं आणि कुठे गळतंय का ते बघायचं, हे त्यांचं काम. निवृत्त झाल्यावर इंदिरानगरच्या फ्लॅटमध्ये त्यांनी कॉम्प्युटर आणला, आणि आयुष्यभर पाण्याविषयी जे जे शिकले होते ते सगळं त्याला लावून टाकलं.

केबल ही त्यांच्या लेखी नळी होती. नळीला पीळ पडला की पाणी तुंबतं, म्हणून ते यूएसबीची केबल कधी गुंडाळून ठेवत नसत. ती हॉलमधून स्वयंपाकघराच्या दारापर्यंत सरळ पसरलेली असायची आणि आलेला पाहुणा साप ओलांडावा तसा ती ओलांडून आत यायचा. जोडण्याआधी ते तिच्या तोंडात फुंकर मारत. मोबाइल कपाटावर आणि कॉम्प्युटर खाली जमिनीवर, हा उतार ठरलेला. फोटो उतरून झाले की लगेच केबल काढायची नाही. एक टोक वर धरून हळूहळू दुसऱ्या टोकाकडे हात न्यायचा, म्हणजे वाटेत राहिलेलं आत जातं. मी एकदा हसलो तर म्हणाले, “साडूभाऊ, हसा. पण मला एक सांगा, ह्याच केबलनं मोबाइल चार्ज होतो ना? म्हणजे करंट कॉम्प्युटरकडून मोबाइलकडे जातो. आणि फोटो मोबाइलकडून कॉम्प्युटरकडे येतात. एकाच नळीतून, एकाच वेळी, दोन्हीकडून? मग मध्ये टक्कर का होत नाही?”

मी बी.कॉम. आहे. घरी जाताना पाथर्डी फाट्यापर्यंत मी त्याच विचारात होतो, आणि खरं सांगायचं तर त्यांच्याशी बोलून आलं की प्रत्येक वेळी माझं असंच व्हायचं. हा माणूस खुळा आहे की आपणच कधी नीट विचार केला नाही, तेच कळायचं नाही.

त्याच सुमारास त्यांनी डिजिटल कॅमेरा घेतला. काडेपेटीपेक्षा थोडा मोठा, पेन्सिल सेलवर चालणारा, आणि फोटोबरोबर व्हिडिओही काढणारा. निमित्त होतं मेहुण्याच्या मुलीच्या लग्नाचं. आमची सासुरवाडी सायखेड्याची. हळदीच्या दिवशी अंगणात जातं मांडलं, बायका जमल्या, आणि कुणीतरी सहज म्हणालं, “अक्का, तू म्हण की गं.” अक्का म्हणजे साडूंची बायको. लग्नाआधी तिचा गळा गावात नावाजलेला होता असं मी ऐकून होतो, पण इतक्या वर्षांत तिला कधी गुणगुणतानाही ऐकलं नव्हतं. तिनं नाही नाही म्हटलं, पदर खोचला, जात्याच्या खुंट्याला हात घातला आणि ओवी उचलली. मांडवात पाटावर बसलेली नवरी रडायला लागली, वांग्यांच्या पाट्या उतरवणारे गडी थांबले. सासूबाई डोळे पुसत म्हणाल्या, “लय दिसांनी गं बाई. आवाज तसाच हाय.” आणि आमचे साडू, एक डोळा मिटून, गुडघ्यावर बसून, श्वास रोखून सगळं कॅमेऱ्यात घेत होते. एकदाही हलले नाहीत.

परत येताना सासूबाईंनी दिलेली कोथिंबिरीची भली मोठी जुडी स्कूटरला बांधायला सुतळी मिळेना. साडूंनी कॅमेऱ्याच्या खोक्यातली केबल काढली आणि जुडी करकचून बांधली. इंदिरानगर येईस्तोवर केबल आतून तुटली होती. ते म्हणाले, “केबलच ना? दुसरी मिळेल.”

पुढच्या दोन-तीन महिन्यांत अक्काच्या गळ्याला गाठ आली. थायरॉइडची. ऑपरेशन चांगलं झालं, काळजीचं काही निघालं नाही, पण आवाज बसला तो बसलाच. डॉक्टर म्हणाले, बोलणं सुधारेल, वरचे सूर परत येतील असं मात्र सांगता येत नाही. अक्का घोगऱ्या आवाजात “जाऊ द्या, मी कुठं मैफली करत होते,” एवढंच म्हणाली आणि भाजी निवडायला बसली. दुसऱ्या दिवशी सकाळी साडू कॅमेरा घेऊन माझ्या दारात उभे. “साडूभाऊ, ओवी कॅमेऱ्यात आहे. बाहेर काढायची.”

आणि तिथून सगळा घोळ सुरू झाला. हॉलमधल्या केबलचं तोंड कॅमेऱ्याला बसत नव्हतं, म्हणून त्यांनी एका जुन्या चार्जरबरोबर आलेली केबल लावली. दोन्हीकडे चपखल बसली, पण कॉम्प्युटर ढिम्म. त्यांनी फुंकर मारली, उतार वाढवला, कॅमेरा माळ्यावर चढवला. काही नाही. शेवटी एम. जी. रोडवरच्या दुकानदारानं सांगितलं, “काका, ही नुसती चार्जिंगची. हिच्यात डेटाच्या तारा नसतात.” साडूंना धक्का बसला. वरून दिसायला हुबेहूब सारखी, टोकं सारखी, रंग सारखा, आणि आत अर्ध्या तारा नाहीत! “म्हणजे ही माणसाला बघून कळणारच नाही?” त्यांनी विचारलं. “लावल्यावर कळतं,” दुकानदार म्हणाला. हे वाक्य साडूंनी पुढे कित्येक दिवस घोळवलं.

डेटाची केबल आणली. व्हिडिओ उतरला. आम्ही चौघं, ते दोघं आणि आम्ही दोघं, कॉम्प्युटरसमोर बसलो. पडद्यावर अंगण आलं, जातं आलं, अक्का आली. तिचे ओठ हलले. नवरी रडली. आवाज नाही. स्पीकर तपासला, सीडीवरची गाणी ठणठणीत वाजत होती. पुन्हा लावलं. पुन्हा मुकं.

साडूंनी शांतपणे केबल हातात घेतली. “चित्र आलं,” ते म्हणाले, “आवाज अडकला.”

नुसत्या चार्जिंगची केबल असते हे दुकानदारानंच सांगितलं होतं. तर मग नुसत्या चित्राची का नसावी? साडू दुकानं पालथी घालू लागले. “आवाजाची केबल आहे का?” असं ते विचारत, आणि नाही म्हणणारा दुकानदार विरळाच. कुणी जाड दिली, कुणी सोनेरी टोकाची दिली, एकानं निळी पारदर्शक दिली, तिच्यात दिवा लागायचा. दर रविवारी मला बोलावणं यायचं. दर रविवारी अक्का मुकी गायची. एका केबलच्या टोकाजवळ करंगळीएवढी काळी गाठ होती, तशी काही केबलींना असते. साडूंना वाटलं, हाच तो झडपेसारखा प्रकार, आवाज इथंच तुंबतोय. त्यांनी कटरनं ती गाठ अलगद सोलून काढली, आत निघाली काळी नळकांडी. पुन्हा लावलं, पुन्हा मुकं. तेव्हा स्वयंपाकघरातून अक्काचा घोगरा आवाज आला, “माझीही काढली होती गाठ. आला का?”

साडू ती सोललेली केबल बोटांवर फिरवत राहिले.

त्या आठवड्यात मी कॅमेरा मागून घेतला आणि कॉलेज रोडवरच्या दुरुस्तीवाल्याकडे नेला. त्यानं तो उलटासुलटा केला आणि परत दिला. “ह्याला माइकच नाही साहेब. स्वस्तातलं मॉडेल. नुसतं चित्र घेतो.”

मी थेट इंदिरानगरला गेलो. साडू बाहेर गेले होते, अर्थात केबल बघायला. अक्काला सांगितलं. ती आधी हसली. मग म्हणाली, “म्हणजे त्या दिवशी मी म्हटलं ते गेलंच म्हणा.”

“हो अक्का.”

तिनं चहाचं आधण ठेवलं, साखर घातली, आणि पाठमोरीच म्हणाली, “त्यांना तुम्ही सांगू नका. मी बघते.”

रविवारी गेलो तेव्हा साडू टेबलाखाली शिरलेले होते, नुसते पाय बाहेर. नवी केबल होती, साधी, पांढरी. “लावा हो साडूभाऊ,” खालून हुकूम आला. मी व्हिडिओ सुरू केला. अंगण आलं, जातं आलं. अक्का माझ्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसली. पडद्यावर तिचे ओठ उघडले आणि तेवढ्यात, अगदी त्याच क्षणी, तिनं ओवी उचलली. आवाज फाटत होता. वर जायचं तिथं ती जाऊच शकत नव्हती, नुसता वारा निघायचा. पण शब्द पडद्यावरच्या ओठांवर नेमके बसत होते. तिचा हातही नकळत खुंटा धरल्यासारखा फिरत होता.

टेबलाखालचे पाय हलायचे थांबले.

व्हिडिओ संपला. साडू मागे सरकत बाहेर आले. केसांना जळमटं लागलेली. त्यांनी पडद्याकडे पाहिलं नाही. फरशीवर बसूनच ते अक्काकडे बघत राहिले, आणि ती पदराशी चाळा करत राहिली. मला उठावं की बसावं कळेना.

“आला,” शेवटी ते म्हणाले. “थोडा बारीक आला. पण आला.”

“जुनं रेकॉर्डिंग आहे,” अक्का म्हणाली.

त्यानंतर त्यांनी दुसरी केबल आणली नाही. त्यांना त्या दिवशी काय कळलं आणि काय नाही, हे मी आजवर विचारलेलं नाही. कधी रविवारी संध्याकाळी त्यांच्याकडे गेलो की जिन्यातच अक्काचा तो फाटका, घोगरा सूर कानावर येतो. मी दाराशी थांबतो. ओवी संपेपर्यंत बेल वाजवत नाही.