एक फूल कमी

त्या बाईने सहा फुलांतले एक फूल उचलून बाजूला ठेवले, तो क्षण माझ्या मनातून अजून गेलेला नाही. नोकरीत मी खुनाचे तपास केले, दरोड्यांचे केले. पण कुणी जुन्या प्रकरणांबद्दल विचारले की मला आधी तो हात आठवतो.

मी मूळचा नागपूरचा. शिकायला न्यू जर्सीत आलो आणि आमच्या लोकांच्या मते वाट चुकून पोलिसांत शिरलो. निवृत्तीपर्यंत काउंटीच्या, म्हणजे इथल्या जिल्ह्याच्या, तपास शाखेत होतो. पार्सिपनी गावातल्या आमच्या लोकांच्या मंडळात माझ्या नोकरीचा उपयोग लोकांना एकच दिसे. "काका, स्पीडिंगचं तिकीट आलंय यार, कॅन्सल करून द्या ना," असे कुणीतरी दरवेळी म्हणे. मी तोंड उघडण्याआधी माझी पत्नी सांगे, "ते स्वतःचं पण कॅन्सल करत नाहीत. मागच्या वेळी मीच जाऊन भरलं."

ती गावातल्या फुलांच्या दुकानात काम करी. आम्ही दोघेही बाबासाहेबांच्या विचारांत वाढलेले, शुभ-अशुभ न मानणारे. तरी आहेराच्या पाकिटात वर एक रुपया घालायची माहेरची सवय तिच्या हाताला होती. डझनाच्या गुच्छात ती तेरावे फूल घाली. मालकीण कुरकुरली तर म्हणे, "गिऱ्हाईक हसत जातं. तेवढंच."

एका हिवाळ्यात सकाळची हजेरी आटोपून आम्ही कॉफी घेत होतो, तेव्हा खाली एक माणूस माझी वाट पाहत असल्याचा निरोप आला. शाळेची बस चालवणारा, पन्नाशीचा. युरोपातल्या एका देशातून आलेला. तो देश कोणता ते मी सांगत नाही. तिथे एका पक्षाची राजवट कोसळून निवडणुका सुरू झाल्या होत्या, एवढे पुरे. इथे त्याच्यासारखी बरीच कुटुंबे होती.

त्याचा थोरला भाऊ तिकडे एका सरकारी सिमेंट कारखान्यात मुख्य अभियंता होता. नव्या राजवटीत कारखाने विकायला निघाले. कामगारांना समभागांची कुपने मिळाली. पगार मुद्दाम अडवून ठेवले गेले आणि उपाशी कामगारांनी ती कुपने पडेल भावात विकली. विकत घेणारी माणसे उद्योगमंत्र्याची निघाली. चौकशी सुरू झाली तेव्हा मंत्री परदेशात गेला आणि तिथे मोटारीला आग लागून मेला. मेलेल्याला जबाब द्यावा लागत नाही. हस्तांतराच्या कागदांवर दुसरी सही अभियंत्याची होती, ती त्याच्याकडून धमकावून घेतलेली. सगळा गुन्हा त्याच्या माथी आला आणि तो तुरुंगात गेला.

"आमच्याकडे रातोरात लोकशाही आली," बसवाला म्हणाला. "सकाळी ऑफिसात गेलो तर तोच माणूस, तीच खुर्ची. फक्त भिंतीवरचा फोटो बदललेला." मग माझ्याकडे बघून त्याने विचारले, "तुमच्या देशात कसं असतं?"

"आमच्याकडे जुना फोटो काढत नाहीत," मी म्हणालो. "शेजारी नवा लावतात."

तो हसला, पण लगेच मुद्द्यावर आला. मंत्र्याची बायको आधीपासून आमच्या काउंटीत राहत होती. बंद शवपेटी इथे आली, इथेच पुरली गेली. चेहरा कुणी पाहिला नाही. "तो मेलेला नाही, साहेब. तो माणूस जन्मात स्वतः गाडी चालवत नसे. मरताना मात्र एकटाच गाडीत होता म्हणे. माझा भाऊ आत खोकून खोकून संपत चाललाय. हा सापडला तरच तो सुटेल."

खबर देणारे पुष्कळ येतात. सुडाने येणारा माणूस आरोपीबद्दल बोलत राहतो. हा भावाबद्दल बोलत होता, म्हणून मी फाइल उघडली.

कबर उघडायला न्यायाधीशांचा हुकूम लागतो. त्यांनी अर्ज फेटाळला. मृत्यूचा दाखला रीतसर होता, बायकोने न्यायालयात शपथेवर मृत्यूची ग्वाही दिली होती आणि गाडी चालवत नसे, हा काही पुरावा नव्हे. मग उरली पाळत. ती बाई दर रविवारी दफनभूमीत येई. काळा कोट, काळा रुमाल. कबरीवरचा बर्फ हातमोज्याने झाडी, फुले ठेवी, थोडा वेळ उभी राही आणि एकटीच बसथांब्याकडे जाई. तिच्याकडे कुणी येत नव्हते, ती कुणाकडे जात नव्हती. फोन नाहीत, पत्रे नाहीत. माझा सहकारी म्हणाला, इतकी खरी विधवा मी आयुष्यात पाहिली नाही. मलाही तसेच वाटू लागले होते.

घरी प्रकरणांची चर्चा करायची नाही हा माझा नियम. पण त्या रविवारी जेवताना मी एवढेच बोललो की एक विधवा नवऱ्याच्या कबरीवर पाच लाल कार्नेशनची फुले ठेवून गेली, ती बर्फावर फार एकटी दिसत होती.

पत्नीने वाढता वाढता हात थांबवला. "पाच? नक्की?"

"पाच. मागच्या वेळी सात होती."

"बाई कुठली?"

मी देश सांगितला.

"अहो, मग तो मेलेला नाही."

तिने मला सांगितले ते असे. त्या देशातले एक म्हातारे आजोबा बायकोच्या कबरीसाठी फुले न्यायला दुकानात आले होते. त्यांनी सहा मागितली. हिने सवयीने वर एक घातले. आजोबांचा चेहरा उतरला. त्यांनी ते जास्तीचे फूल काउंटरवर परत ठेवले आणि समजावले, आमच्यात मेलेल्यांना सम संख्येनेच फुले देतात. विषम फुले जिवंत माणसासाठी. आमच्यातले लहान मूलही यात चुकत नाही.

दुसऱ्या दिवशी वरिष्ठांना सांगितले. ते म्हणाले, "तू न्यायाधीशांसमोर काय, फुलं मोजून दाखवणार?" त्यांचे बरोबर होते. तो पुरावा नव्हता. पण कुणाशी कुठून बोलायला सुरुवात करायची, ते त्यावरून कळत होते.

मंत्र्याच्या स्मृतिदिनी मी एका महिला सहकाऱ्याला आणि दुभाष्याला घेऊन त्या बाईच्या घरी गेलो. सोबत पत्नीने बांधून दिलेली सहा कार्नेशन होती. गुच्छ देताना पत्नी म्हणाली होती, "पहिल्यांदाच मोजून देतेय. हात अडखळतो." 

बाईने दार उघडले, आम्हाला आत बसवले, चहा ठेवला. घर नीटनेटके होते. जेवणाच्या टेबलाला एकच खुर्ची होती. मी म्हणालो, आज तुमच्या पतीचा स्मृतिदिन, ही त्यांच्यासाठी. तिने गुच्छ घेतला. तिची नजर फुलांवरून फिरली. मग अगदी सहज, दारातली चप्पल सरळ करावी तितक्या सहज, तिने एक फूल काढले, खिडकीत ठेवले आणि उरलेली पाच पाण्यात घालायला वळली.

अर्ध्या वाटेत ती थांबली. आपण काय केले ते तिला कळले होते, आणि ते मलाही कळले आहे हेही. दुभाष्याने मान खाली घातली. तो तिकडचाच होता.

"तुम्ही आमच्यातले नाही," ती म्हणाली. "तुम्हाला हे कोणी सांगितलं?"

"माझ्या बायकोनं."

ती एकुलत्या खुर्चीवर बसली. मी तिला तिचे हक्क सांगितले, वकिलाला बोलावता येईल हे सांगितले. मग त्या अभियंत्याबद्दल सांगितले, त्याच्या खोकल्यासकट. पतीने तिला ते कधी कळू दिले नव्हते.

"मी न्यायालयात शपथेवर खोटं बोलले," ती म्हणाली. "पण त्याच्यासाठी सम फुलं मला ठेववेनात. ठेवली आणि खरंच काही झालं तर?" मग बाहीने डोळे पुसून म्हणाली, "थोडे दिवस, असं म्हणाला होता. जिवंत नवऱ्याची विधवा होऊन मी इथे एकटी जेवते. तुम्ही त्याला पकडलंत, तर निदान भेटीच्या दिवशी दिसेल तरी."

वकिलासमोर तिने पत्ता दिला. दुसऱ्या राज्यात एका तळ्याकाठी तो खोट्या नावाने राहत होता. या वेळी कबर उघडायचा हुकूम मिळाला. पेटीत वाळूच्या पिशव्या होत्या. खोट्या पासपोर्टचा गुन्हा केंद्रीय यंत्रणेकडे गेला आणि बऱ्याच सुनावण्यांनंतर त्याला त्याच्या देशाच्या हवाली केले. तोवर ती दर भेटीच्या दिवशी तुरुंगात येई. आत फुले नेता येत नसत, म्हणून ती बाहेरच्या पहारेकऱ्याच्या टेबलावर ठेवून जाई. मी मोजायला गेलो नाही.

अभियंता सुटला. बसवाला हे सांगायला आला तेव्हा रडलाही आणि चिडलाही. कारखान्याच्या जागी आता मोठे दुकान होते आणि उद्योगखात्यात मंत्र्याचाच जुना सचिव बसला होता. भाऊ मात्र घरी होता, सूप पीत होता. हे सगळे कुणामुळे झाले ते मी त्याला सांगितले. तो थेट दुकानात गेला. पत्नीने त्याला गुच्छ बांधून दिला आणि अर्थातच वर एक फूल घातले.

या प्रकरणाने काय शिकवले, असे नवे अधिकारी विचारत. मी सांगे, माणूस कागदावर खोटे लिहितो, शपथेवर खोटे बोलतो, राजवट बदलली की नव्या भाषेत खोटे बोलायला शिकतो. पण ज्याच्या जाण्याची त्याला भीती वाटते, त्याच्या बाबतीत त्याचा हात खोटे वागत नाही. ती जागा शोधा आणि तिथे पोचल्यावर जरा हळू बोला.

पत्नी गेली त्या दिवशी मंडळाचे लोक पांढऱ्या कपड्यांत जमले. बुद्धवंदना झाली. फुलांचा ढीग पडला होता. मागच्या रांगेतून बसवाला पुढे आला आणि त्याने तिच्या पायाशी कार्नेशन ठेवली. सहा. तेवढ्या गर्दीत ती मी एकट्याने मोजली असतील. सातवे घालणारी समोर निजली होती.

आता दर शुक्रवारी मी तिच्यासाठी फुले आणायला त्याच दुकानात जातो. नवी मुलगी डझन फुले बांधून देते. त्यातले एक मी काउंटरवर ठेवतो. पहिल्यांदा तिने विचारले, फूल खराब आहे का? मी म्हणालो, नाही, घरी अकराच लागतात.