धूळ समजून पुसलेल्या अक्षता

अल्बमचं शेवटचं पान लावताना माझा हात माउसवर थांबला. मंगलाष्टकं संपली त्या क्षणाचा फोटो होता. वऱ्हाडाचे हात वर होते, नवरीनं डोळे मिटून घेतले होते, आणि हवेत अक्षतांचा एकही दाणा नव्हता. मागचा फोटो बघितला, त्याच्या मागचा बघितला. सगळीकडे हवा स्वच्छ.

चेहरे उजळणारं, डाग काढणारं एक प्लगइन आम्ही सगळ्या फोटोंवर एकदम चालवत असू. त्यातच धूळ काढणारा फिल्टर होता. त्यानं उडते तांदूळ धूळ समजून पुसले होते.

घरात पदवीपर्यंत पोचलेली मी पहिली. कॉम्प्युटरला हात लावायला भिणाऱ्या मला रामनगरच्या आमच्या फोटो स्टुडिओच्या मालकांनी, म्हणजे अण्णांनी, शेजारी बसवून हे काम शिकवलं. ते उपकार मी विसरलेली नाही.

नवरीचे वडील अल्बम न्यायला कुंभारवाड्याहून आले होते. बाकावर बसून वाट बघत होते.

"झालं का गं बाय? बस चुकली तर रानातनं चालवत धाडशील मला."

"होतंय मामा."

"अक्षतांचा फोटो मोठा काढ. पोरीची आई पाय मोडून घरात पडलीया, लग्नाला येता आलं न्हाई. शेतातला तांदूळ निवडून, हळद लावून तिनंच दिला. पडल्या म्हणून सांगतोय, तर म्हणती, तुमचं काय खरं न्हाई, फोटोत दावा."

ते हसले. मला हसता येईना.

कॉम्प्युटरमध्ये जागा कमी, म्हणून मूळ फोटो फक्त कॅमेऱ्याच्या कार्डात असायचे. ते कार्ड घेऊन अण्णा सकाळीच अणशीला वास्तुशांतीचे फोटो काढायला गेले होते. कार्ड भरलं की जुने फोटो पुसून जागा करायची त्यांची सवय. फोन लावला. रेंज नाही. पुन्हा लावला.

दुसऱ्या एका प्लगइनमध्ये फोटोवर फुलं, पाऊस, चांदण्या पाडायची सोय होती. मी पिवळे दाणे पाडून बघितले. नवरीच्या केसांवर शोभलेही. पण ते तिच्या आईनं निवडलेले नव्हते. मी ते काढले आणि मामांना जाऊन सगळं सांगितलं.

त्यांचं हसू मावळलं. "म्हंजे फोटोत आल्याच न्हाईत?"

"आल्या होत्या मामा. मशिननं पुसल्या."

"तिला हे कसं सांगू?"

बस आली, हॉर्न देऊन निघून गेली. मामा बाकावरून उठले नाहीत.

दिवस कलल्यावर अण्णांची मोटरसायकल दारात थांबली. हेल्मेट काढायच्या आत मी विचारलं, "अण्णा, कार्ड पुसलं?"

"पाणी तर दे आधी. पुसणारच हुतो. भटजीच उशिरा आला, फोटोच कमी निघाले."

मी कार्ड कॉम्प्युटरला लावलं. फोटो उघडला. अक्षता होत्या, पिवळ्या पुसट रेघांसारख्या. एक दाणा नवरीच्या पापणीवर टेकलेला. मी तो फोटो जसाच्या तसा छापला.

मामांनी तो दाराच्या उजेडात धरला. "व्हय. ह्यो आमचाच तांदूळ." मग बारीक डोळे करून म्हणाले, "जावयाच्या नाकावर फोड दिसतोय की गं."

"काढू?"

"नगं नगं! हात लावू नगंस."

मामांना कुंभारवाड्याला सोडायला अण्णांनी मोटरसायकल पुन्हा सुरू केली. शर्टाच्या आत फोटो सांभाळत मामा मागे बसले.