गिरधरच्या हॉटेलातला कप

झुलाल पाचोऱ्याला रेल्वेत गँगमन होता. ड्यूटीवर तो सगळ्यांबरोबर चहा प्यायचा. गावी आला की मात्र गिरधरच्या हॉटेलाबाहेर उभं राहायचं, महारवाड्यासाठी वेगळा ठेवलेला कान तुटलेला कप घ्यायचा, चहा संपला की आपणच धुवायचा आणि जागेवर ठेवायचा. त्याला एवढंच हवं होतं, की आत बाकावर बसून चारचौघांसारखा चहा प्यावा. मागणी काही मोठी नव्हती, पण गावाला ती भलतीच जड गेली.

सहासष्ट साली त्यानं अस्पृश्यतेच्या कायद्याखाली गिरधरवर केस केली. तेव्हा अशा केसमध्ये तडजोड चालायची. तारखेच्या दिवशी गिरधरनं त्याला पाचोऱ्याच्या कोर्टासमोरच्या हॉटेलात नेलं, शेजारी बसवलं, आणि दोघं सारख्याच कपांतून चहा प्याले. आमच्याकडे भांडण मिटलं की चहा पाजतात. झुलालला वाटलं, जिंकलो. तडजोडीवर सही करून तो गावी परतला. दुसऱ्या दिवशी हॉटेलात गेला, तर बाहेर तोच कप. गिरधर म्हणाला, ते पाचोरं होतं, हे गाव आहे. झुलालला स्वतःचीच लाज वाटली, आणि ती बरीच वर्षं गेली नाही.

शहात्तर साली कायदा कडक झाला आणि तडजोडीची वाट बंद झाली. गिरधर हुशार, त्यानं वेगळा कप उकिरड्यावर टाकला. झुलाल आत गेला, बाकावर बसला, चहा प्याला. बसलेले लोक एकेक करून उठले, त्यांना अचानक कामं आठवली. झुलालनं रिकामा कप टेबलावर ठेवला.

गिरधर हळू आवाजात म्हणाला, "भाऊ, कप धोई ठेव."

झुलालनं उठून गेलेल्यांच्या कपांकडे बोट केलं. "त्यासना कप कोन धोस?"

ते तर रोज गिरधरच धुवायचा. कप कोणी धुवायचा, हे कायद्यात कुठं लिहिलेलं नव्हतं. दिवेलागण झाली तरी कप तिथंच होता आणि झुलालही तिथंच. शेवटी गिरधरनं पाठ फिरवून तो धुतला.

घरी बायकोनं, भिकुबाईनं विचारलं, झालं का मनासारखं? झुलाल दमला होता. हातपाय धुऊन तो जेवायला बसला.

"आज धोया तेनी," तो म्हणाला. उद्याही तो हॉटेलात जाणारच होता. "सकाय धोस का, ते देखसूत."